देऊळ घराचे की गावाचे?

देवळाच्या दारातून आलेल्या माणसाला माघारी पाठवायचे नाही, ही आपल्याकडची जुनी रीत आहे. देऊळ वाड्याच्या चौकात असो वा शेताच्या बांधावर, घरची माणसे शेजाऱ्यांना येऊ देतात, रामनवमीला पाळणा म्हणायला आळीतल्या बायका जमतात, उत्सवाच्या प्रसादाला सगळे गाव पंक्तीला बसते. पुढे दोन-तीन पिढ्या उलटतात, देवाच्या नावावरच्या जमिनीजवळून मोठा रस्ता जातो, जमिनीला भाव येतो, आणि मग हेच आदरातिथ्य धर्मादाय आयुक्तांच्या कार्यालयात पुरावा म्हणून मांडले जाते. गावकरी म्हणतात, आम्ही पिढ्यान्‌पिढ्या दर्शनाला येतो, म्हणून देऊळ सार्वजनिक आहे. घराणे म्हणते, देऊळ आमच्या पणजोबांनी बांधले, पूजा आम्ही करतो, तेव्हा ते खासगी आहे. अशा प्रकरणांची कागदपत्रे वाचण्यात माझी वकिलीतली बरीच वर्षे गेली आहेत. बहुतेक वेळा दोन्ही बाजू खरे बोलत असतात. मात्र त्या खऱ्या बोलण्यातून त्यांना हवा असलेला निष्कर्ष निघत नाही.

महाराष्ट्रात हा प्रश्न १९५० च्या सार्वजनिक विश्वस्तव्यवस्था कायद्याखाली उभा राहतो. त्या कायद्यानुसार मंदिर म्हणजे सार्वजनिक धार्मिक उपासनेची अशी जागा, जी हिंदू समाजाला किंवा त्याच्या एखाद्या वर्गाला अर्पण केलेली आहे, त्यांच्या हितासाठी आहे, किंवा जिचा वापर ते हक्काने करतात. देऊळ सार्वजनिक आहे की नाही याची चौकशी कलम १९ खाली सहायक किंवा उपधर्मादाय आयुक्त करतात, आणि त्या प्रश्नापुरते दिवाणी न्यायालयाचे दार कलम ८० ने बंद केलेले आहे. निर्णयाविरुद्ध आधी धर्मादाय आयुक्तांकडे अपील, मग जिल्हा न्यायालय आणि शेवटी उच्च न्यायालय असा मार्ग आहे. देऊळ सार्वजनिक ठरले की नोंदणी येते, हिशेबांची तपासणी येते, जमीन विकायची तर कलम ३६ ची परवानगी लागते, आणि गैरव्यवहार करणाऱ्या विश्वस्ताला दूर करता येते. खासगी ठरले तर यातले काहीच लागू होत नाही. एवढे अंतर असल्यामुळेच दोन्ही बाजू इतक्या इरेला पेटतात.

या विषयाचा पाया १९५६ साली सर्वोच्च न्यायालयाने देवकीनंदन विरुद्ध मुरलीधर या खटल्यात घातला, आणि तो निकाल आजही मुळातून वाचावा असा आहे. उत्तर प्रदेशातील सीतापूर जिल्ह्यात भदेसिया नावाच्या गावी शिवगुलाम या गृहस्थाने राधाकृष्णाचे देऊळ बांधले. त्याला मूलबाळ नव्हते. १९१९ च्या मृत्युपत्राने त्याने आपली जमीन देवाला दिली, आणि त्याच्या पश्चात व्यवस्थापन नातलगांकडे गेले. देऊळ सार्वजनिक असल्याचे सांगत एका दूरच्या भाऊबंदाने दावा लावला. खालच्या न्यायालयांनी ते खासगी ठरवले होते. सर्वोच्च न्यायालयाने तो निर्णय फिरवला. न्यायालयाने आधी मुळाला हात घातला. देवाला संपत्ती अर्पण केली असे आपण म्हणतो आणि कायद्याच्या दृष्टीने मूर्ती त्या संपत्तीची मालकही असते; पण त्या दानाचे खरे लाभार्थी कोण, तर पूजा करणारे भाविक. तेव्हा हे भाविक म्हणजे ठरावीक कुटुंबातील मोजकी माणसे आहेत, की ज्यांची नावे सांगता येणार नाहीत असा मोठा समुदाय आहे, एवढेच पाहायचे.

मग न्यायालय तपशिलात शिरले. मूर्ती राहत्या घरात नव्हती, वेगळ्या जागेवर स्वतंत्र बांधलेल्या देवळात होती. पूजेसाठी अर्चक नेमला जाई. आणि ज्याला मूलच नाही असा माणूस आपले सर्वस्व देवाला देतो, तेव्हा ते दूरच्या भाऊबंदांनाच पूजा करता यावी म्हणून देतो असे मानणे अवघड आहे. देऊळ लोकांना अर्पण करताना उत्सर्गाचा विधी झाला नाही, हा मुद्दा घराण्याच्या बाजूने मांडला गेला होता. न्यायालयाने धर्मशास्त्राचा आधार घेऊन सांगितले की मूर्तीची प्राणप्रतिष्ठा झाली होती आणि देवळाच्या बाबतीत ती पुरेशी आहे. माणसाच्या मनात काय होते, हे त्याने मागे ठेवलेल्या बांधकामातून, कागदांतून आणि व्यवस्थेतून शोधायची ही रीत मला फार भावते, कारण तिच्यात भक्ताच्या श्रद्धेचा मान राखलेला आहे.

मात्र याच्या उलट बाजूला प्रिव्ही कौन्सिलचा, म्हणजे ब्रिटिश काळातील सर्वांत वरच्या अपील न्यायालयाचा, १९३९ चा एक निकाल आहे, आणि गावकऱ्यांच्या वतीने लढणाऱ्यांनी तो नीट समजून घेतला पाहिजे. अवधमधील भैरवनाथाच्या एका देवळाची जमीन नवाबाने एका गोसाव्याला आणि त्याच्या वारसांना दिली होती. लोक तिथे वर्षानुवर्षे मोकळेपणाने येत होते. तरीही न्यायाधीशांनी देऊळ सार्वजनिक मानले नाही. त्यांचे म्हणणे असे की आलेल्या भाविकाला हाकलून देणे हे हिंदू मनाला आणि रिवाजाला धरून नाही. म्हणून केवळ लोक येत होते एवढ्यावरून देऊळ त्यांना अर्पण झाले होते असा अर्थ काढता येत नाही. एखाद्या व्यक्तीला दिलेली जागा लोकांना दिली गेली, असे म्हणायला याहून भक्कम पुरावा हवा. १९८१ साली ओडिशातील राधाकांत देव यांच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालय याच वाटेने गेले आणि ते देऊळ त्याने खासगी ठरवले. लोक हक्काने येतात का, व्यवस्थापन संस्थापकाच्या कुटुंबाकडेच राहिले का, लेखी व्यवस्थेत लोकांच्या सहभागाचा कुठे उल्लेख आहे का, देवळाचा खर्च लोकांच्या देणग्यांवर चालतो की घराण्याने दिलेल्या मिळकतीवर, हे सारे न्यायालयाने तपासले.

हे निकाल मला योग्य वाटतात. शेजाऱ्याला आत घेतल्याची शिक्षा म्हणून देऊळ हातचे जाणार असेल, तर उद्या प्रत्येक घराणे दाराला कुलूप लावील. ज्या कुटुंबाने पदरमोड करून शंभर वर्षे नंदादीप तेवत ठेवला, त्याच्या चांगुलपणाचा कायद्याने असा मोबदला देऊ नये.

पण चांगुलपणा कुठे संपतो आणि हक्क कुठे सुरू होतो, हे कळायचे कसे? याचे उत्तर मला नाशिकच्या बालाजी मंदिराच्या निकालात सर्वांत स्पष्ट दिसते. गोसावी बालाजीवाले घराण्याचे म्हणणे होते की मूर्ती त्यांच्या पूर्वजाला मिळालेली आहे, ती कुळाची देवता आहे, आणि देवळाची सर्व मिळकत घराची आहे. १९५९ साली सर्वोच्च न्यायालयाने हे म्हणणे फेटाळले. देवळाचा प्रचंड आकार, त्याच्या बांधणीची पद्धत, लोकांचा दीर्घकाळचा हक्काचा वापर, राज्यकर्त्यांनी दिलेल्या जमिनी आणि रोख नेमणुका, हे सगळे एका बाजूला होतेच. त्यात घराण्यातील आधीच्या पिढ्यांनी वेळोवेळी कागदोपत्री दिलेल्या कबुल्यांची भर पडली. कबुली हा प्रतिपक्षाला मिळू शकणारा सर्वोत्तम पुरावा आहे. ती निर्णायकच असते असे नाही, पण ती चुकीची होती असे दाखवून देता आले नाही तर निकाल तिच्याच बाजूने लागतो, हे तत्त्व आज पुरावा कायद्याच्या प्रत्येक वर्गात शिकवले जाते आणि ते या नाशिकच्या देवळाच्या खटल्यातून आले आहे.

म्हणून अशा प्रकरणात मी पहिल्यांदा शोधतो ते वाद सुरू होण्याच्या आधीचे कागद. भांडण लागल्यावर साक्षीदार जे सांगतात त्याला मर्यादा असते. पण ज्या दिवशी कोणाला काही मिळवायचे नव्हते, त्या दिवशी घराण्याने देवळाविषयी काय लिहिले, यात बहुधा खरे दडलेले असते. उत्सवाच्या पावतीपुस्तकावर वर काय छापले आहे, घराण्याचे नाव की संस्थानचे? जीर्णोद्धारासाठी वर्गणी गोळा केली होती का, आणि तिचा हिशेब लोकांपुढे वाचला गेला का? दानपेटीची किल्ली कोणाकडे असे आणि ती पेटी चार माणसांदेखत उघडत की रात्री घरातच? पालखीच्या वाटेवरचे मान गावातल्या इतर घरांकडे होते का, आणि एखाद्या वर्षी घराण्याने ते नाकारले तेव्हा गावाने ऐकून घेतले की आक्षेप घेतला? हा शेवटचा प्रश्न मला सर्वांत मोलाचा वाटतो. परवानगीने येणारा माणूस नकार मिळाल्यावर वाईट वाटून घेतो आणि निघून जातो. हक्काने येणारा भांडतो. असे जुने भांडण कुठे नोंदलेले सापडले, तर त्याला दहा साक्षीदारांचे वजन असते.

देवळाच्या आकारावरून फसगतही होऊ शकते. वल्लभ संप्रदायातील मंदिरे बाहेरून हवेलीसारखी असतात. शिखर नसते, देवाची सेवा नंदाघरच्या बाळाप्रमाणे चालते, आणि दर्शन ठरलेल्या वेळी थोडा काळच होते. नाथद्वाऱ्याच्या तिलकायत महाराजांनी, म्हणजे तिथल्या मुख्य गोस्वामींनी, याच आधारावर श्रीनाथजी ही आपली खासगी देवता असल्याचे म्हटले होते. १९६३ च्या निकालात न्यायमूर्ती गजेंद्रगडकर यांनी हा दावा अमान्य केला. हवेलीची रचना आणि सेवेची पद्धत हा संप्रदायाच्या उपासनेचा भाग आहे, त्यातून मालकी सिद्ध होत नाही, आणि उदयपूरच्या महाराणांच्या १९३४ च्या फर्मानानेही ही संस्था संप्रदायाच्या अनुयायांची मानली होती. पुढे नडियादच्या गोकुळनाथजींच्या मंदिराविषयी निकाल देताना न्यायालयाने तपासायच्या गोष्टी एकत्र सांगितल्या: देवळाचा उगम, कारभाराची पद्धत, देणग्यांचे स्वरूप आणि प्रमाण, भाविकांनी प्रत्यक्षात बजावलेले हक्क, आणि व्यवस्थापकाला तसेच भाविकांना स्वतःला हे देऊळ कशा प्रकारचे वाटत आले आहे. शेवटची बाब मोठी शहाणपणाची आहे. दोन्ही बाजूंनी शंभर वर्षे जे मनोमन मानले, ते एका अर्जाने बदलत नाही.

महाराष्ट्रात या प्रश्नाला आणखी एक पदर आहे, ज्याच्याविषयी फारसे बोलले जात नाही. कूळ कायद्याने १ एप्रिल १९५७ रोजी कसणारी कुळे जमिनीची मालक मानली गेली. मात्र कलम ८८ब ने काही न्यासांच्या जमिनींना यातून सूट दिली होती. अट अशी की न्यास सार्वजनिक म्हणून नोंदलेला असावा आणि जमिनीचे सगळे उत्पन्न त्याच्या कामासाठीच खर्च होत असावे. परिणाम असा झाला की जी घराणी आपले देऊळ खासगी म्हणवत होती, त्यांतील काहींनी जमीन कुळाकडे जाऊ नये म्हणून ते सार्वजनिक असल्याचे अर्ज स्वतःच्या सहीने दिले आणि सुटीचे दाखले घेतले. त्या सह्या करणारी पिढी गेली. नातवंडांना आता देऊळ खासगी करून हवे आहे, आणि आजोबांचा अर्ज धर्मादाय कार्यालयाच्या दप्तरातून बाहेर येतो. आजोबांनी हे केवळ जमीन वाचवण्यासाठी लिहिले, प्रत्यक्षात देऊळ घरचेच होते, असा युक्तिवाद मी ऐकलेला आहे. तो स्वीकारायला माझे मन तयार होत नाही. ज्या कुळाने आयुष्यभर ती जमीन कसली, त्याचा मालकीचा हक्क या एका विधानापायी गेला. त्या कुळापुढे जे देऊळ सार्वजनिक होते, ते बिल्डरपुढे खासगी होऊ शकत नाही. आयकराच्या सवलतीचेही तसेच आहे. ती सार्वजनिक न्यासाला मिळते, आणि ज्यांनी ती घेतली त्यांना पुढे मागे वळणे कठीण जाते.

जमिनीच्या नोंदींत जे घडते ते जवळून पाहण्यासारखे आहे. जुन्या हक्कनोंदणीत कब्जेदाराच्या जागी ‘श्री विठ्ठल देव, वहिवाटदार अमुक’ अशी ओळ असते; वहिवाटदार म्हणजे देवाच्या वतीने व्यवस्था पाहणारा. वहिवाटदार वारतो आणि वारसनोंदीचा फेरफार होतो; त्यात देवाचे नाव राहते, पण त्याखाली तीन मुलांची नावे येतात आणि ‘वहिवाटदार’ हा शब्द गळतो. पुढच्या वारसनोंदीत नऊ नावे होतात. त्यानंतर कधीतरी सातबारा नव्याने लिहिला जातो आणि देवाचे नाव इतर हक्कांच्या रकान्यात सरकते, किंवा सरळ नाहीसे होते. प्रत्येक टप्प्यावर कोणाचा कट असतोच असे नाही. तलाठ्याने समोर आलेला अर्ज पाहिला आणि नोंद केली, एवढेच. पण तीन फेरफारांत देव मालकाचा पाहुणा झालेला असतो. सर्वोच्च न्यायालयाने २०२१ साली मध्य प्रदेशातील पुजाऱ्यांच्या प्रकरणात सांगितले की जमिनीची मालक देवता असते, पुजारी तिच्या वतीने व्यवस्था पाहतो, आणि मालकीच्या रकान्यात देवतेचेच नाव असावे. देवस्थान इनामाच्या गावांतील लोकांनी चालू सातबाऱ्यावर न थांबता मागचे सगळे फेरफार ओळीने काढावेत, असे मी आवर्जून सांगतो.

खासगी असण्याचा दावा नेहमी जमिनीसाठीच झालेला नाही. माणसांना बाहेर ठेवण्यासाठीही तो झाला आहे. राज्यघटनेच्या अनुच्छेद २५ ने सार्वजनिक स्वरूपाच्या हिंदू धार्मिक संस्था सर्व वर्गांच्या हिंदूंना खुल्या करण्याचा अधिकार शासनाला दिला, आणि त्याबरोबर ‘आमचे देऊळ सार्वजनिक नाही’ या वाक्याला नवे मोल आले. दक्षिण कानडातील मुल्कीच्या व्यंकटरमण देवळाच्या विश्वस्तांनी देऊळ गौड सारस्वतांचे असल्याने प्रवेशाचा कायदा त्याला लागू नाही असे म्हटले. १९५७ साली सर्वोच्च न्यायालयाने ते देऊळ त्या ज्ञातीचे आहे हे मान्य केले, काही विशिष्ट विधी त्यांच्यापुरते राखून ठेवले, पण एरवीच्या दर्शनाला सर्व हिंदूंना मोकळीक दिली. एका वर्गाचे देऊळही घटनेच्या दृष्टीने सार्वजनिकच असते. त्याच्या वीस वर्षे आधी महाडच्या चवदार तळ्याचा खटला मुंबई उच्च न्यायालयात १९३७ साली निकाली निघाला, तिथेही वादींनी तळे आपल्या खासगी मालकीचे असल्याचे म्हटले होते, आणि डॉ. आंबेडकरांच्या बाजूने निकाल लागला तेव्हा तळे नगरपालिकेचे ठरले. तळे आणि देऊळ यांचा कायदा वेगळा असला, तरी खासगीपणाचा आडोसा एकच होता. म्हणून घराण्याच्या न्याय्य दाव्याविषयी मला कितीही आस्था असली, तरी अशी कैफियत हाती आली की मी आधी हे पाहतो की तिच्यामुळे दाराबाहेर कोण राहणार आहे.

देऊळ सार्वजनिक ठरले म्हणजे घराण्याचा संबंध संपतो, असाही एक गैरसमज आहे. तिरुवनंतपुरमच्या पद्मनाभस्वामी मंदिराच्या बाबतीत २०२० साली सर्वोच्च न्यायालयाने मंदिराचे सार्वजनिक स्वरूप कायम मानून त्रावणकोर राजघराण्याचा व्यवस्थापनाचा परंपरागत हक्क मान्य केला, आणि कारभारासाठी जिल्हा न्यायाधीशांच्या अध्यक्षतेखाली समिती ठेवली. पंढरपूरला उलट झाले. तिथे विठ्ठल सार्वजनिक आहे याविषयी शंकाच नव्हती. तरी बडवे आणि उत्पात या पुजारी घराण्यांचे वंशपरंपरागत हक्क संपवण्यासाठी १९७३ चा स्वतंत्र कायदा करावा लागला आणि त्यावरचा अंतिम पडदा २०१४ साली सर्वोच्च न्यायालयात पडला. देवळाचे स्वरूप आणि सेवेकऱ्याचा हक्क हे दोन वेगळे प्रश्न आहेत, आणि ते एकत्र कालवले की तडजोडीची वाटही बंद होते.

घराण्यांनाही एक गोष्ट सांगितली पाहिजे. देऊळ खासगी ठरले म्हणजे ते विकता येते, असे समजून लढणारे मला पुष्कळ भेटतात. कुळदेवताही कायद्याने व्यक्तीच असते. १९२५ साली कोलकात्याच्या मलिक कुटुंबातील वादात प्रिव्ही कौन्सिलने हे ठरवले की घरची मूर्ती म्हणजे सामानासारखी उचलून नेण्याची वस्तू नव्हे. तिच्या वतीने बोलायला निःस्वार्थी पालक नेमावा आणि घरातील स्त्रियांचेही ऐकून घ्यावे, असे सांगून त्यांनी प्रकरण परत पाठवले. पूजेच्या आणि व्यवस्थापनाच्या हक्कालाही वारसा असतो, आणि १९५१ साली सर्वोच्च न्यायालयाने तो हक्क मिळकतच असल्याचे सांगून विधवेचा वाटा मान्य केला. खासगी देवाला दिलेल्या मिळकतीला दुसरी वाट द्यायची असेल, तर १८७६ पासून न्यायालयांचे वचन असे आहे की साऱ्या कुटुंबाची एकवाक्यता लागते. ती मागायला बसले की लग्न होऊन गेलेल्या आत्या, परदेशी असलेले चुलतभाऊ आणि मोठ्या काकांच्या सुना या सगळ्यांचे ऐकावे लागते, आणि त्यांच्यापैकी एकीनेही देव जागचा हलवायला नकार दिला तर बिल्डरशी झालेला करार तिथेच अडतो.